वेलांटी आधी पडते

७ जानेवारी २०२४, रविवार

अखेर यंत्र मिळालं. जुना बाजार बुधवारी आणि रविवारी भरतो, आणि मागचे तीन रविवार मी रिकाम्या हातानं परतले होते. इंग्रजी टाइपरायटर दिसतात, मराठी क्वचितच. बरेचसे लोखंडाच्या भावानं गेले असणार. आज एका पथारीवर, पितळी समया आणि गंजक्या कुलपांच्या मधे, गोदरेज प्राइमा ठेवलेला होता. मराठी कळफलक. वरचं झाकण नाही, रिबन वाळून कडक झालेली. स्पेसबार दाबत दाबत ओळीच्या टोकाकडे गेले, तर मार्जिनच्या जरा अलीकडे घंटी वाजली. घंटी ऐकली आणि घासाघीस थांबवली. साडेतीन हजार.

काय करायचं आहे ते एकदा लिहून ठेवते, म्हणजे पुढे वाट चुकली तर इथे परत येता येईल. तीन मिनिटांच्या आसपासची फिल्म. पडद्यावर फक्त टाइपरायटरनं उमटवलेली देवनागरी अक्षरं, एकेक फ्रेम करून टिपलेली. कानावर ध्वनिकविता: तीनतालाचे बोल, तोंडानं म्हटलेले. तबला नाही. अर्थाचा एकही शब्द नाही.

बिनअर्थाच्या शब्दांची आपल्याला ओळख करून द्यावी लागत नाही. ‘इरिंग मिरिंग’ आणि ‘अडम तडम’ म्हणत आपण राज्य कोणावर ते ठरवलं आहे. ‘अडगुलं मडगुलं’ तर त्याच्याही आधीचं, मांडीवरचं. अर्थ नव्हता म्हणून त्या ओळी कधी अडल्या नाहीत. मला ती जागा पुन्हा हवी आहे, जिथे आवाज आधी येतो आणि कळणं मागून, किंवा येतही नाही.

१० जानेवारी, बुधवार

दुरुस्तीवाले काका आता घरच्या घरीच काम करतात. टेबलाखाली सुट्या भागांचे डालडाचे डबे. यंत्र उलटं करून त्यांनी आधी नुसतं पाहिलं, बराच वेळ. मग एक दांडी बोटानं उचलून तिचं डोकं उजेडात धरलं. प्रत्येक दांडीच्या डोक्यावर दोन अक्षरं असतात, एक साधं आणि एक शिफ्टचं, दोन्ही उलटी. अर्ध्या ध च्या पोटात जुनी शाई आणि धूळ बसून दगड झाला होता. काकांनी टाचणीनं तो दगड टोकरून काढला, रॉकेलचा बोळा फिरवला, कागदावर एक ठोका दिला. आधी काळा गोळा उमटत होता, आता ध ची गाठ उघडली.

शिरोरेषा सरळ येत नाही. प्रत्येक अक्षर आपापला शिरोरेषेचा तुकडा घेऊन येतं, आणि दांड्या जराशा वाकलेल्या असल्या की तुकडे एकमेकांना भेटत नाहीत. कुठे पायरी पडते, कुठे फट राहते. काका पक्कड घेऊन एकेक दांडी सरळ करायला बसले. मी म्हटलं, काका, एवढं नको, थोडं वरखाली राहू द्या. ते थांबले. “ताई, सरळ रेघ हवी म्हणून लोक माझ्याकडे यायचे.” मी त्यांना सांगितलं की ही ओळ वाचायची नाही, ऐकायची आहे, आणि प्रत्येक ठोका वेगळा दिसला तर तो वेगळा ऐकू येईल. त्यांनी मान हलवली, ध आणि त तेवढे नीट केले आणि बाकीचे सोडले. पैसे घेताना म्हणाले, झाली की दाखवा.

१५ जानेवारी, संक्रांत

तिळगुळासाठी मावशी आली. ती एकतीस वर्षं सरकारी कचेरीत टंकलेखक होती. मराठी ३० आणि मराठी ४० अशा दोन्ही परीक्षा तिनं लग्नाआधी दिल्या होत्या. यंत्र पाहिल्यावर तिनं पदर खोचला, खुर्ची ओढली आणि बोटं कळांवर ठेवली. न बघता. मी म्हटलं, मावशी, तिरकिट टाइप कर ना.

तिनं केलं, आणि करताना पुटपुटली: “वेलांटी, त, र, वेलांटी, क, ट.”

मी तिला पुन्हा करायला लावलं. चार वेळा. हे सगळं मला माहीत होतं, पण ऐकलं नव्हतं. देवनागरी टाइपरायटरवर पहिली वेलांटी अक्षराच्या आधी मारतात, कारण ती कागदावर डावीकडे असते आणि यंत्राला डावीकडून उजवीकडे जाण्यापलीकडे काही येत नाही. शाळेत आपण बाराखडी म्हणताना अक्षर आधी घेतो: क ला पहिली वेलांटी कि. तोंडाचा क्रम क, मग वेलांटी. हाताचा क्रम वेलांटी, मग क. मावशीच्या बोटांनी एकतीस वर्षं रोज हा उलटा क्रम चालवला आणि तिला तो कधी उलटा वाटला नाही.

तीळ निवडायचे राहिले आणि आम्ही दोघी कागद घेऊन बसलो. तीनतालाचा ठेका तिला पाठ आहे. आजोळी मामा तबला शिकायचा आणि स्वयंपाकघरात बसून दोघी बहिणींना ठेके येऊ लागले होते. एकेका बोलाला किती ठोके लागतात ते मोजलं. धा: अर्धा ध, काना, काना. तीन ठोके, पहिला काना ध पुरा करायला, दुसरा खराखुरा. धिं: वेलांटी, अर्धा ध, काना, अनुस्वार. चार. तिं: वेलांटी, त, अनुस्वार. तीन. ता: त, काना. दोन.

धा धिं धिं धा, चौदा. पुन्हा धा धिं धिं धा, चौदा. धा तिं तिं ता, अकरा. ता धिं धिं धा, तेरा. आवर्तनाचे, म्हणजे ठेक्याच्या एका पूर्ण फेरीचे, बावन्न ठोके. आणि सगळ्यात हलका विभाग कोणता? तिसरा, ज्याला ‘खाली’ म्हणतात तो. तबल्यावर खालीत डग्ग्याचा घुमारा निघून जातो आणि ठेका हलका होतो. इथे कोणी ठरवलेलं नसताना बोटांवरचं ओझंही तिथेच कमी होतं. मी हे मावशीला दाखवलं तर ती म्हणाली, “अगं, हाताला कळतंच की ते.”

तालातली एक मात्रा एका सेकंदाची धरली तर सोळा मात्रांच्या सोळा सेकंदांत बावन्न ठोके. मिनिटाला १९५. पाच ठोक्यांचा एक शब्द या हिशेबानं मिनिटाला ३९ शब्द, आणि हे मधल्या मोकळ्या जागा न धरता. म्हणजे ठाय लयीतला तीनताल टाइप करत साथ करायची तर मराठी ४० पास झालेलं माणूस हवं. ते माझ्या घरात तिळगूळ खात बसलं होतं. आवाज तिचाच घ्यायचा, हे आजच ठरलं.

२८ जानेवारी, रविवार

कॅमेरा कुठे लावायचा यात आठवडा गेला. आधी वाटलं होतं की कागदावर टाइप करून पानं स्कॅन करावीत. चार पानं केली, आणि ती मेलेली दिसली. अक्षरं होती, ठोका नव्हता.

मग कॅमेरा यंत्राच्या वर टांगला, लेन्स थेट त्या जागेवर जिथे दांडी कागदाला भिडते. तेव्हा एक गोष्ट लक्षात आली, जी रोज टाइप करणाऱ्याला सांगावी लागत नाही. टाइपरायटरवर हात पुढे जात नाही, कागद सरकतो. ठोक्याची जागा पक्की. म्हणजे माझ्या चौकटीत प्रत्येक अक्षर बरोबर मधोमध जन्म घेतं आणि मग डावीकडे निघून जातं. वेलांटी पडली की कागद धरणारी गाडी एक घर सरकते, आणि वेलांटीच्या उजवीकडे, चौकटीच्या ऐन मध्यावर, एक कोरी जागा येते.

अनुस्वार, अक्षरावरची मात्रा, उकार यांच्या डेड की. त्या दाबल्या तर गाडी हलत नाही. धावत्या ओळीत एकदम एक ठोका असा येतो की शाई पडते पण काही सरकत नाही. पडद्यावर तो क्षण जागच्या जागी घेतलेल्या गिरकीसारखा दिसतो. फार सुंदर.

४ फेब्रुवारी, रविवार

चित्र लुकलुकतंय. खिडकी काळ्या कागदानं बंद केली, दिवे तेच, एक्स्पोजर हातानं बांधलेलं, तरी फ्रेमगणिक उजेड वरखाली. दोष लेन्सच्या झडपेचा, म्हणजे अ‍ॅपर्चरचा: प्रत्येक फोटोला ती बंद होऊन उघडते आणि दर वेळी केसभर वेगळी बंद होते. जुनी, हातानं झडप फिरवायची लेन्स अडॅप्टरवर बसवली. झडप एकदा लावली की हलायचंच नाही. लुकलुक गेली.

दुसरी अडचण मोठी. कळ हळू दाबून दांडी कागदापाशी धरली तर फोटो छान येतो, पण अक्षर फिकट उमटतं. ठोका नाही तर शाई नाही. उपाय असा: आधी हळू दाबून रिबन वर आलेली, दांडी टेकलेली, असा एक फोटो. मग कळ सोडायची, गाडी एक घर मागे घ्यायची आणि त्याच अक्षरावर एक खरा, कडक ठोका. मग रिबन खाली उतरतानाचा फोटो, आणि मग मोकळं अक्षर. ठोक्याला तीन फोटो, प्रत्येक दोन-दोन फ्रेम. सहा फ्रेमचा ठोका.

११ फेब्रुवारी, रविवार

पहिलं आवर्तन पुरं. ३८४ फ्रेम, १९२ फोटो. मावशीनं फोनवर पाठवलेला ठेका खाली लावून पाहिला.

बसत नाही.

हिशेब चोख आहे. मात्रेला २४ फ्रेम, धिं चे चार ठोके सहा-सहा फ्रेमचे, धा चे तीन आठ-आठचे. बोलाचा आवाज पहिल्या ठोक्यावर सुरू होतो. धा आला की डोळे आणि कान एकत्र येतात. धिं आला की कानाला ध ऐकू येतो आणि डोळ्यांपुढे वेलांटी असते. ध दिसतो तेव्हा तोंड इकारावर पोचलेलं असतं. दर धिं ला कोणीतरी पायरी चुकल्यासारखं वाटतं. दहा वेळा पाहिलं, दहाही वेळा तसंच.

आवाज ध वर सरकवून पाहिला तर मात्राच सहा फ्रेम उशिरा पडते आणि लय लंगडते.

१८ फेब्रुवारी, रविवार

आज काम नाही, वाचन. ध्वनिकवितेच्या इतिहासात पुन्हा एकदा फिरून आले, हा पेच आधी कोणाला पडला होता का ते शोधत.

१९१६ च्या जूनमध्ये झुरिकच्या कॅबरे व्होल्तेर या कलावंतांच्या अड्ड्यावर कवी ह्यूगो बाल पुठ्ठ्याचा पोशाख चढवून उभा राहिला आणि त्यानं शब्दांवाचून कविता म्हटल्या. बाहेर पहिलं महायुद्ध चालू होतं. वर्तमानपत्रांनी आणि भाषणांनी नासवलेल्या भाषेपासून त्याला दूर जायचं होतं. १९१८ मध्ये बर्लिनला राऊल हाउसमाननं नुसत्या अक्षरांची भित्तिपत्रकं छापून घेतली, अक्षरं छापखान्यात हाताला लागतील तशी. कुर्ट श्विटर्सनं जवळपास दहा वर्षं घडवलेली ध्वनी-सोनाटा १९३२ साली छापली, तिची अक्षररचना यान चिखोल्डची. पुढे टाइपरायटरवर कविता रचणारे आले, त्यांना यंत्राचा समान पट्टा आवडायचा: प्रत्येक अक्षराला सारखीच जागा.

पण हे सगळे रोमन अक्षरांत काम करत होते. तिथे हात आणि तोंड एकाच दिशेनं, एकाच क्रमानं चालतात. हा पेच त्यांना पडलाच नसता.

आपल्याकडेही आता तो दिसत नाही. फोनवर ‘कि’ लिहिताना आपण क आधी देतो, मग वेलांटी, आणि पडद्यावर ती आपोआप उडी मारून क च्या डावीकडे जाऊन बसते. युनिकोडनं तोंडाचा क्रम साठवला आणि डोळ्यांचा क्रम दाखवण्याचं काम फॉन्टवर सोपवलं. उडी मारताना वेलांटी कोणाला दिसत नाही. टाइपरायटरवर ती माणसाच्या बोटाला स्वतः मारावी लागायची.

मुंबईत १९५० च्या दशकात तरुण कवींचं ‘शब्द’ हे अनियतकालिक सायक्लोस्टाइलवर, म्हणजे मेणकागदाच्या स्टेन्सिलवरून प्रती काढून, निघायचं. असलं स्टेन्सिल टाइप करताना यंत्रावरची रिबन बाजूला करायचे, म्हणजे दांडी थेट मेणकागद कापायची. आज दिवसभर एकच चित्र मनात आहे: मेणकागदावर वेलांटीची भेग पडलेली, आणि अक्षर अजून यायचं आहे.

२ मार्च, शनिवार

मावशीचा आवाज एका स्टुडिओत रेकॉर्ड केला. दोन तास. ती आधी घाबरली होती, मग मी तिला म्हटलं, मामाची आठवण काढ आणि म्हण. तिनं डोळे मिटले आणि मांडीवर हात आपोआप टाळी-खाली करू लागला.

९ मार्च, शनिवार

स्टुडिओनं फाइली पाठवल्या. आवाज लखलखीत आणि निर्जीव. पहिल्यांदा कळेना काय गेलं आहे. मग लहरींचं चित्र मोठं करून पाहिलं: बोलांच्या मधली जागा सपाट, शून्य. तिचे सगळे श्वास कापले होते. प्रत्येक बोलाआधीची ती बारीकशी हालचाल, ओठ सुटण्याचा चुटका, नाकातली हवा, सगळं गोंगाट समजून साफ केलेलं. मूळ रेकॉर्डिंग मागितलं तर ठेवलेलं नव्हतं. पंच्याहत्तरीला आलेल्या बाईचे दोन तास.

मी मावशीला फोन केला तेव्हा माझा आवाज चढला होता. तिचा नाही. “परत म्हणते की. घरी म्हणू.”

१७ मार्च, रविवार

तिच्या आतल्या खोलीत रेकॉर्डिंग. कपाटातल्या सगळ्या गोधड्या बाहेर काढून दोऱ्यांवर टांगल्या, तीन बाजूंनी; गोधडीसारखी आवाज पिणारी वस्तू नाही. पंखा बंद, फ्रिज बंद. शेजारच्या कुकरची तिसरी शिट्टी होईपर्यंत थांबलो. सेकंदाला ४८,००० नमुने, म्हणजे फिल्मच्या एका फ्रेमला बरोबर २,००० नमुने. श्वास कुठे सुरू होतो ते फ्रेमवर बोट ठेवून सांगता येईल.

आवाजाबरोबर फोन समोर लावून तिच्या तोंडाचंही चित्रण केलं, ओठ आणि हनुवटी तेवढीच. ते का केलं ते सांगता येणार नाही. वाटलं, पुढे लागेल.

यंत्राचा आवाज वेगळा घेतला. पायझोची, म्हणजे कंप टिपणारी, चकती गोंदपट्टीनं यंत्राच्या सांगाड्याला चिकटवली. हवेतून येणारी टकटक नाही, लोखंडाच्या आतून येणारी धडधड. स्पेसबारचा आवाज तर डग्ग्यावर तळवा घासल्यासारखा आला.

२४ मार्च, होळी

बाहेर पोरं पालथ्या मुठीनं बोंब मारत होती. आत मी मावशीच्या तोंडाचं चित्रण एकेक फ्रेम पुढे सरकवत बसले होते.

आवाजाची लहर खाली, ओठ वर. आधी सरावाला म्हणून तिच्याकडून का, कि, कु म्हणवून घेतलं होतं, ते पाहत होते. का: जबडा सैल पडतो, मग क फुटतो. कि: ओठांचे कोपरे बाजूला ताणले जातात, आणि लहर अजून सपाट आहे. एक फ्रेम. दोन फ्रेम. तिसऱ्या फ्रेमला क. कु: ओठांचा चंबू पुरा झालेला, आवाज नाही, मग क.

मागे गेले. पुन्हा पाहिलं. मग उठून आरशासमोर उभी राहिले आणि ‘कु’ म्हणायला तोंड लावलं, पण म्हटलं नाही. ओठ गोल होते. स्वर आधीच आलेला होता.

ध्वनिविज्ञानात ही जुनी, सर्वांना ठाऊक असलेली गोष्ट आहे. तोंड एक वर्ण संपवून दुसरा घेत नाही. पुढच्या स्वराची तयारी व्यंजनाच्या आधीच सुरू होते आणि व्यंजनावर तिची छाया पडते. कि मधला क आणि कु मधला क म्हणूनच एकसारखे नसतात. वाचलं होतं मी हे कधीतरी. मावशीच्या ओठांवर पाहिलं तेव्हा हात थांबले.

लिपी घडवणाऱ्यांनी तोंडाकडे पाहून वेलांटी आधी ठेवली, असं मी म्हणत नाही. उकारानंही ओठ आधीच गोल होतात, पण लिपीत तो खाली बसतो. माझं म्हणणं एवढंच की बाराखडीनं मला शिकवलेला तोंडाचा क्रम हा कानाचा क्रम होता. तोंड स्वतः वेलांटी आधी घेतं. यंत्र तोंडाच्या विरुद्ध जात नव्हतं.

बाहेर अजून बोंबा चालू होत्या. तीही पाहावी अशी: ओठ आधी उघडतात, आवाज मागून.

२६ मार्च, मंगळवार

आता हिशेब नव्यानं. वेलांटी मात्रेवर नाही, मात्रेच्या आधी. मागच्या मात्रेच्या शेवटच्या सहा फ्रेममध्ये. मात्रा पडेल ती ध वर.

कागदावर चौकोन आखून मांडलं. मात्रेचे चार भाग, सहा-सहा फ्रेमचे. पहिली मात्रा: अर्धा ध, काना, काना, आणि चौथ्या भागात पुढच्या धिं ची वेलांटी. दुसरी: अर्धा ध, काना, अनुस्वार, वेलांटी. तिसरी: अर्धा ध, काना, अनुस्वार, आणि चौथा भाग रिकामा, कारण पुढे धा आहे. चौथी: अर्धा ध, काना, काना, रिकामा. आठ फ्रेमचा, बारा फ्रेमचा ठोका अशी ओढाताण राहिलीच नाही. सगळा ठेका एकाच जाळीत उतरला, आणि खालीच्या विभागात रिकामी घरं आपोआप वाढली.

वेलांटीचं घर आणि श्वासाचं घर एकच निघालं. मावशीचा श्वास लावून पाहिला: जिथे ती हवा घेते तिथेच शाई पडते. स्टुडिओनं कापली होती ती हीच जागा.

९ एप्रिल, पाडवा

गुढी उभारून, कडुलिंबाचा घास घेऊन नव्या चित्रणाला सुरुवात. फिल्मचं नाव ‘वेलांटी आधी’.

पहिलं आवर्तन जुनंच ठेवते, ११ फेब्रुवारीचं, पायरी चुकणारं. पाहणाऱ्यालाही ती चूक अंगावर यायला हवी, नाहीतर दुसऱ्या आवर्तनात जे सुटतं त्याची किंमत कळणार नाही. दुसऱ्यापासून वेलांटी अलीकडे. पाचव्यापासून मावशी बोल सोडून हाताची भाषा म्हणते, त्याच लयीत: वेलांटी, अर्धा ध, काना, अनुस्वार. टायपिंग क्लासची ती पुटपुट ठेक्यावर बसली की तिचीच पढंत, तोंडानं म्हटलेला ताल, होते. आठव्यात दोन्ही आवाज एकमेकांवर.

२१ एप्रिल, रविवार

नवव्या आवर्तनात तोंड पूर्ण बंद, नुसतं यंत्र. ओळीची लांबी अशी बांधली की घंटी बरोबर नवव्या मात्रेवर, ‘खाली’च्या जागी वाजते. मार्जिनचा खटका चार वेळा सरकवून जमलं. ‘खाली’ला टाळी वाजवत नाहीत, हात नुसता हवेत उलटा करतात. त्या जागी घंटी द्यावी की नाही यावर दोन दिवस विचार केला. दिली. ओळ संपत आल्याची सूचना आणि ताल अर्ध्यावर आल्याची सूचना, दोन्ही एकाच ठिकाणी ऐकू यायला हव्यात.

रोज चाळीस-पन्नास फोटो. त्याहून जास्त केले तर बोटाचा जोर बदलतो आणि शाई बोलते.

५ मे, रविवार

रिबन संपत आली. नवी लावली तर काळेपणा एकदम वाढेल. म्हणून तीच दोनदा उलट गुंडाळून घेतली आणि फिकट होऊ दिली. दहाव्या आवर्तनापासून अक्षरं विरळ होत जातात. हे ठरवलं नव्हतं, पण तिथे मला विरळच हवं होतं, कारण दहाव्यापासून मी अक्षरं काढून घेते आहे. फक्त वेलांट्या उरतात. कोरी जागा, वेलांटी, कोरी जागा, वेलांटी, आणि आवाजात नुसते श्वास. काढून घेतल्यावरही ठेका मोडत नाही. कानाला ध ऐकू येत राहतो.

२६ मे, रविवार

शेवट कसा करायचा यावर तीन आठवडे अडले होते. तालात वाढलेला कान समेवर, पहिल्या मात्रेवर, संपायची वाट बघतो. तिहाई, म्हणजे एकच तुकडा तीनदा, घेऊन धा वर आणलं तर टाळ्या पडतील, पण धा ला वेलांटी नाही. मग ही सगळी वाट ज्या खुणेसाठी चाललो ती खूण शेवटी हजरच नसेल.

शेवटच्या आवर्तनात तेराव्या मात्रेवर ता येतो, एकच बोल, पूर्ण अक्षरांत आणि आवाजासकट. दोन ठोके, एक रिकामं घर. मग वेलांटी. श्वास. गाडी सरकते, चौकटीच्या मधोमध कोरा कागद, आणि तिथे चित्र बंद. अकरा आवर्तनं आणि तेरा मात्रा: १८९ सेकंद, ४,५३६ फ्रेम, २,२६८ फोटो.

८ जून, शनिवार

दुपारी जोराचा पाऊस, वीज दोनदा गेली. संध्याकाळी मावशीकडे भिंतीवर चादर लावून फिल्म दाखवली. दुरुस्तीवाले काकाही आले, छत्री दाराशी उघडीच ठेवून. ध ची गाठ पडद्यावर हातभर मोठी आली तेव्हा ते पुढे झुकले. वरखाली शिरोरेषेकडे बोट करून म्हणाले, “हे राहू दिलं ते बरं केलंत.”

मावशी पहिल्या आवर्तनात अस्वस्थ झाली, माझ्याकडे वळून पाहिलं. दुसऱ्यात तिची बोटं मांडीवर चालू लागली. टाळी-खाली नव्हे, ती टाइप करत होती.

शेवटचा ता आला. वेलांटी पडली, गाडी सरकली, तिचा स्वतःचा श्वास खोलीत ऐकू आला, आणि चादर काळी झाली.

“धिं,” मावशी म्हणाली. मग तोच ठेका पुढे धरून, अंधारात, “धिं धा.”